तारामतीचा शोध

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी कार्यक्रमात दिलेल्या व्याख्यानाचे शब्दांकन)



सुवर्णमहोत्सवाच्या व्याख्यानासाठी मंडळाने आमची निवड का केली, याचा उलगडा आम्हांस अद्याप झालेला नाही. आम्ही ना प्राध्यापक, ना समीक्षक. साधे बी. ए. होऊन केंद्र सरकारच्या सेवेत शिरलो आणि गेली तीस वर्षे आस्थापना शाखेत टिप्पण्या लिहीत आहो. जुन्या मराठी चित्रपटांचा मात्र नाद आहे, आणि कार्यवाहांना तो ठाऊक आहे. ‘काहीतरी जुन्या बोलपटांवर बोला, लोकांना आवडेल,’ एवढ्या तोंडी आदेशावर आम्ही येथे उभे आहो. लेखी आदेश मागण्याची सवय या वेळी आवरली.

तेव्हा आजचा विषय असा: मराठी माणसाने सिनेमा काढला, पण त्या सिनेमात काम करावयास बाई कोठून आली?

प्रश्न वाटतो तितका क्षुल्लक नाही. आपल्याच मंडळाचे उदाहरण घ्या. मंडळाच्या पहिल्या गणेशोत्सवात एकांकिका करावयाची ठरली. सरोजिनीनगरातील एका सभासदाच्या क्वार्टरात तालमी सुरू झाल्या. पुरुषपात्रे तर मागितल्याहून अधिक मिळाली. नायिकेच्या कामासाठी मात्र चार घरी विचारून झाले. सर्वत्र चहा मिळाला, पोहे मिळाले, होकार मिळाला नाही. अखेर कोणीतरी स्त्रीपात्रविरहित एकांकिका शोधून आणली आणि मंडळाच्या कलाजीवनाचा श्रीगणेशा झाला. ही हकीकत पुढच्या रांगेत बसलेल्या एका ज्येष्ठ सभासदांनीच आम्हांस सांगितली. त्या चार घरांपैकी एक घर आपले होते, हेही त्यांनी हसत हसत सांगितले. ही गोष्ट पन्नास वर्षांपूर्वीची, म्हणजे ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर येऊन साठांहून अधिक वर्षे उलटून गेल्यानंतरची.

आता त्या ‘राजा हरिश्चंद्रा’कडे वळू. दादासाहेब फाळके यांचा हा चित्रपट ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये लोकांसमोर आला. दादासाहेबांनी विलायतेहून कॅमेरा आणला, विम्याच्या पॉलिसीवर पैसा उभा केला, हरिश्चंद्र मिळवला, विश्वामित्र मिळवला. तारामती मात्र मिळेना. वर्तमानपत्रांत जाहिराती दिल्या. ज्या वस्तीत जावयास प्रतिष्ठित मनुष्य कचरतो तेथेही ते जाऊन आले. तेथील बायकांनीसुद्धा हे काम आपल्या प्रतिष्ठेस शोभणारे नाही असे ठरवले, असे सांगतात. अखेरीस ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात आचाऱ्याचे काम करणारा, नाजूक हातापायांचा एक तरुण त्यांच्या दृष्टीस पडला. हे अण्णा साळुंके. हॉटेलात महिना दहा रुपये मिळत. दादासाहेबांनी पंधरा देऊ केले आणि हिंदुस्थानच्या पहिल्या चित्रपटास नायिका लाभली.

या चित्रपटाची जी थोडी रिळे आज शिल्लक आहेत, त्यांत एक प्रसंग आहे. राजा हरिश्चंद्र राणीस बोलावण्यास येतो. राणी सख्यांसह हौदात जलक्रीडेत रमली आहे. ओलेत्या लुगड्यांतल्या त्या साऱ्या सख्या म्हणजे पुरुष! प्रथम पाहताना हसू येते. दुसऱ्यांदा पाहताना येत नाही. ज्या काळात पुरुष ओलेत्या लुगड्यात जगासमोर उभा राहू शकत होता आणि स्त्री कोरड्या लुगड्यातही राहू शकत नव्हती, तो काळ आपल्या आजोबांचा होता.

याच अण्णांनी १९१७ च्या ‘लंकादहना’त राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. सीतेचा विरह आणि रामाचा शोक एकाच मनुष्याकडे. सरकारी भाषेत याला आम्ही अतिरिक्त कार्यभार म्हणतो.

तारामती पुरुष झाली खरी, पण त्या चित्रपटात एका बाईचे काम मात्र जागोजाग होते, ते पडद्याआड. सरस्वतीबाई फाळके. दिवसभर सगळ्या मंडळींचा स्वयंपाक त्यांनी रांधायचा. रात्री कच्च्या फिल्मला भोके पाडावयाची, रसायने कालवावयाची. चित्रणाच्या वेळी उन्हाचा प्रकाश पात्रांच्या तोंडावर पडावा म्हणून पांढरी चादर धरून उभे राहावयाचे. आणि पैसा संपला की अंगावरचे दागिने उतरवून द्यावयाचे. दादासाहेबांच्या नावाने पुरस्कार आहे, टपालाचे तिकीट आहे, गोरेगावी चित्रनगरी आहे. सरस्वतीबाईंच्या वाट्यास पाठ्यपुस्तकातली एखादी ओळ येते. २००९ साली ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ हा चित्रपट आला तेव्हा बऱ्याच जणांना ही बाई प्रथमच दिसली.

आता खऱ्या स्त्रीकडे येऊ. ती त्याच वर्षी आली, आणि एकटी नव्हे, मायलेकी आल्या. फाळक्यांचा दुसरा चित्रपट ‘मोहिनी भस्मासुर’. त्यात पार्वतीचे काम दुर्गाबाई कामत यांनी केले आणि मोहिनीचे त्यांची मुलगी कमला हिने. कमला तेव्हा अवघी तेरा-चौदा वर्षांची. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या होऊन लहान मुलीस घेऊन बाहेर पडलेल्या. त्या काळी अशा बाईपुढे वाटा किती होत्या? कोणाच्या घरी चार भांडी घासणे किंवा त्याहून वाईट काही. त्यांनी फिरत्या नाटक कंपनीची वाट धरली आणि तेथून सिनेमाची.

मुलगी पुढे रघुनाथराव गोखल्यांशी विवाह करून कमलाबाई गोखले झाली. ऐन पंचविशीत वैधव्य आले, पदरी तीन मुलगे. कमलाबाई थांबल्या नाहीत. नाटके केली, मूकपट केले, बोलपट केले. चंद्रकांत गोखले हे त्यांचे चिरंजीव. लालजी आणि सूर्यकांत तबल्यात नावाजले. विक्रम गोखले हे नातू, २०२२ मध्ये निवर्तले. रीना मोहन यांनी कमलाबाईंवर काढलेला माहितीपट आम्ही काही वर्षांपूर्वी पाहिला. नव्वदीची म्हातारी, अंथरुणाला खिळलेली, पण बोलणे असे खणखणीत की समोरच्याने नीट बसावे. जुन्या नाटकांतले उतारे तोंडपाठ. स्वतःविषयी कीव कोठेही नाही. ‘मोहिनी भस्मासुर’ आज पाहावयास मिळत नाही. पहिल्या नायिकेचे पहिले काम गेले. ती बाई मात्र ऐंशी वर्षांनंतरही बसून त्याविषयी सांगत होती.

एक गैरसमज येथे दूर करावासा वाटतो. स्त्रीची भूमिका पुरुषाने करावी हा काही केवळ आपलाच मागासपणा नव्हता. जपानात तर काबुकी नाट्याची मुळे ओकुनी नावाच्या एका स्त्रीच्या नृत्यात आहेत असे मानतात. पण १६२९ मध्ये तेथील राजवटीने स्त्रियांना रंगभूमीवरून हद्दपार केले आणि पुरुषांनी स्त्रिया साकारण्याची, ज्यांना ते ‘ओन्नागाता’ म्हणतात, एक थोर परंपरा उभी राहिली. सिनेमा आला तेव्हा तीच परंपरा सिनेमात गेली. तेथेही सादायाक्को नावाची एक पूर्वाश्रमीची गेशा नटी होऊन अमेरिका-युरोप गाजवून आली आणि १९०८ मध्ये तिने नट्यांसाठी शिक्षणाची शाळा काढली. तरीही १९२० च्या सुमारापर्यंत जपानी पडद्यावरच्या बहुतेक नायिका पुरुषच होते. मग सुमिको कुरिशिमासारख्या खऱ्या तरुणी आल्या आणि दोनतीन वर्षांत स्त्रीवेषधारी नटांचे पडद्यावरील राज्य संपले. काबुकीच्या रंगभूमीवर ते आजही चालू आहे.

हे सारे वाचताना आम्हांस सारखी बालगंधर्वांची आठवण होत होती. रंगभूमीवर बालगंधर्वांनी शालू नेसावा आणि महाराष्ट्रातल्या सुवासिनींनी तसा शालू हवा म्हणून नवऱ्यामागे लागावे, असे ते दिवस. हेच बालगंधर्व १९३५ साली प्रभातच्या ‘धर्मात्मा’त पुरुषवेषात, एकनाथ म्हणून आले. त्यानंतर १९३७ च्या ‘साध्वी मीराबाई’त ते पडद्यावर स्त्री झाले. लोकांनी त्यांस स्वीकारले नाही. वय झाले होते हे एक. दुसरे असे की रंगभूमीवर रसिकाची दृष्टी आणि नटाचा चेहरा यांमध्ये दिव्यांचा झगमगाट असतो, अंतर असते, स्वर असतो. कॅमेरा हे अंतर मानीत नाही. तो हनुवटीपाशी येऊन उभा राहतो. पडद्यावर स्त्री आली ती समाजाचे हृदयपरिवर्तन झाल्यामुळे नव्हे. बऱ्याच अंशी कॅमेऱ्याच्या या उद्धटपणामुळे आली, असे आमचे मत आहे. कोणी विद्वान असहमत असतील तर चहाच्या वेळी भेटावे.

कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी १९२० मध्ये ‘सैरंध्री’ काढला. त्यात गुलाबबाई आणि अनुसयाबाई अशा दोन स्त्रिया होत्या. लोकमान्यांनी बाबूरावांस ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरविले. त्या दोघींस कोणी काही म्हणून गौरविल्याचे आमच्या वाचनात नाही. मूकपटांत त्याच सुमारास यहुदी आणि अँग्लो-इंडियन मुली आल्या. टेलिफोन एक्स्चेंजमध्ये काम करणारी रूबी मायर्स ‘सुलोचना’ झाली, रेनी स्मिथ ‘सीतादेवी’ झाली. ज्या घरांनी आपल्या मुली दिल्या नाहीत त्या घरांना पडद्यावर नावे मात्र आपलीच हवी होती. फातमा बेगम तर १९२६ मध्ये ‘बुलबुल-ए-परिस्तान’ या चित्रपटाची दिग्दर्शिका झाली. या सर्वजणींविषयी स्वतंत्र व्याख्यान होईल. आज वेळ नाही.

आणि मग १९३२ साल उजाडले. प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’. पहिला मराठी बोलपट. कथा तीच, हरिश्चंद्राची. हरिश्चंद्र गोविंदराव टेंबे. आणि तारामती? दुर्गाबाई खोटे.

आचारी अण्णा साळुंके ते दुर्गाबाई खोटे, अंतर एकोणीस वर्षांचे. तेच पात्र, तीच गोष्ट, तेच स्मशान. दुर्गाबाई मुंबईच्या नामवंत सॉलिसिटर लाडांच्या कन्या. कॅथिड्रल शाळा, झेवियर कॉलेज. श्रीमंत खोट्यांच्या घरची सून. सासरच्या ऐश्वर्यास ओहोटी लागली, दोन लहान मुले, आणि हातात नोकरीस लागेल असे काही नाही. १९३१ मध्ये ‘फरेबी जाल’ नावाच्या एका सुमार चित्रपटात लहानसे काम केले. निर्मात्याने जाहिरात केली ती कामाची नव्हे, तर लाडांच्या मुलीची आणि खोट्यांच्या सुनेची. मुंबईत गहजब झाला. ज्या समाजात वाढल्या त्यानेच तोंड फिरवले. अशा वेळी शांताराम बापू तारामतीचे काम घेऊन आले. वडिलांनी होकार दिला. ‘मी, दुर्गा खोटे’ हे त्यांचे आत्मचरित्र १९८२ मध्ये आले. ज्यांनी वाचले नसेल त्यांनी मंडळाच्या ग्रंथालयातून न्यावे. आमच्याकडे गेले चार महिने असलेली प्रत आम्ही आजच परत केली आहे.

आमच्या आजीने ‘अयोध्येचा राजा’ पाहिला होता. आजीला त्या चित्रपटातले कथानक फारसे आठवत नसे. त्यात आठवण्यासारखे नवे काय होते? पण एक वाक्य ती नेहमी म्हणे: ‘त्या दुर्गाबाई हो, फार घरंदाज.’ आजी हे अशा स्वरात म्हणे की जणू त्या वाक्यात चित्रपटाचे सर्व सार आले.

‘घरंदाज’ या शब्दापाशी थोडे थांबावेसे वाटते. मराठी चित्रपटाचा इतिहास लिहिणारे बहुतेक जण सांगतात की दुर्गाबाई आल्या आणि घरंदाज स्त्रियांना चित्रपटाचे दार उघडले. खोटे नाही. १९३३ मध्ये नाट्यमन्वंतरच्या ‘आंधळ्यांच्या शाळे’त ज्योत्स्नाबाई भोळे आल्या, मग लीला चिटणीस आल्या, शोभना समर्थ आल्या, वनमालाबाई आल्या. पण हाच शब्द उलट बाजूने पाहिला म्हणजे काय दिसते? दुर्गाबाईंच्या आधी जवळजवळ वीस वर्षे ज्या बायकांनी या धंद्यात उभे राहून मार खाल्ला, त्या सर्वजणी एका शब्दासरशी बेघर झाल्या. दुर्गाबाई कामतांना घर नव्हते काय? त्यांनी एकटीने ते ओढून धरले होते. ज्या कलावंतिणींच्या मुलींनी पिढ्यान्‌पिढ्या गाणे जिवंत ठेवले, त्यांच्याविषयी आपण म्हणालो की बोलपटाला आवाज हवा म्हणून त्या आल्या. घर कोणाचे आणि अंदाज कोणाचा, असा शब्दच्छल करण्याचा मोह आवरतो.

लीला चिटणीस पदवीधर. त्यांच्या चित्रपटाच्या जाहिरातीत महाराष्ट्रातील सुशिक्षित, पदवीधर स्त्री असा उल्लेख असे. बी. ए. या अक्षरांना त्या काळी केवढी किंमत होती पाहा. आमच्या वेळेपर्यंत ती फक्त अर्जापुरती उरली. चार मुलगे सांभाळून त्या नायिका झाल्या, १९४१ साली लक्स साबणाच्या जाहिरातीत झळकल्या आणि पुढे हिंदी पडद्यावरची अश्रू ढाळणारी आई झाल्या. २००३ मध्ये अमेरिकेतील डॅनबरी या गावी त्यांचे निधन झाले. दूरदेशी राहणाऱ्या आपल्यासारख्यांना या शेवटाचे काही वाटल्यावाचून राहणार नाही.

शांता आपट्यांविषयी आम्हांस जरा सविस्तर बोलावयाचे आहे, कारण त्या आमच्या खात्यातल्या आहेत, म्हणजे आस्थापना शाखेतल्या. १९३७ चा ‘कुंकू’ आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिला असेल. म्हाताऱ्याशी फसवून लग्न लावलेली नीरा त्याला नवरा मानण्याचे नाकारते. त्या वेळी हे पाहून प्रेक्षागृहांतून बाहेर पडणाऱ्या बायकांचे चेहरे कसे असतील, हे पाहावयास आम्ही काहीही दिले असते. पडद्यावर असा बाणा दाखवणारी ही बाई पडद्याबाहेरही तशीच होती. १९३९ मध्ये करारावरून प्रभातशी तिचा वाद झाला. बाई काय करते? कंपनीच्या फाटकापाशी जाऊन उपोषणास बसते! नायिका, सर्व हिंदुस्थानात नाव झालेली, पुण्यात फाटकाबाहेर बसली आहे. वृत्तपत्रांनी त्याचा तमाशा केला. काहींनी लहरीपणा म्हटले.

गेली तीस वर्षे आमच्यासमोर कर्मचाऱ्यांची निवेदने येत आहेत. खरे गाऱ्हाणे कोणते आणि कांगावा कोणता हे आता वासावरून कळते, निदान आम्हांस तसे वाटते. शांताबाईंचे गाऱ्हाणे आम्ही मनातल्या मनात नोंदवून घेतले, त्यावर टिप्पणी लिहिली आणि ‘विचारार्थ सादर’ असा शेरा मारला. नायिका महिन्याच्या पगारावर. करार सुटल्यावाचून दुसरीकडे काम करावयाचे नाही. आणि उमेदीची वर्षे तर हाताच्या बोटांवर मोजावयाची. आमच्या सेवेत साठाव्या वर्षापर्यंत पगार चालतो, पुढे निवृत्तिवेतन असते, २००८ पासून स्त्री-कर्मचाऱ्यांस मुलांच्या संगोपनासाठी ७३० दिवसांची रजा आहे. नटीचे साठावे वर्ष तिसाव्या वर्षीच उगवत असे. पुढच्याच वर्षी, १९४० मध्ये, शांताबाईंनी ‘जाऊ मी सिनेमात?’ असे पुस्तकच लिहिले. शीर्षकात प्रश्नचिन्ह आहे, ते कृपया लक्षात ठेवावे.

याच शांताबाई १९४१ मध्ये मद्रासेकडे गेल्या आणि तमिळ शिकून ‘सावित्री’ या तमिळ चित्रपटात सावित्री झाल्या. त्या चित्रपटात नारदाचे काम कोणी केले? एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांनी! अण्णा साळुंके सीता झाल्यानंतर चोवीस वर्षांनी सुब्बुलक्ष्मी नारद झाल्या. हिशेब कोठेतरी पुरा होतो तो असा.

‘ब्रह्मचारी’मध्ये १९३८ साली मीनाक्षी शिरोडकरांनी पोहण्याचा पोशाख घातला, त्याने केवढी खळबळ उडाली ते आपणांस ठाऊकच आहे. शिव्या देण्यासाठी लोक तीनतीनदा पाहावयास गेले. अत्र्यांना याचा अंदाज आधीपासून असणार.

हंसा वाडकर. मूळ नाव रतन साळगावकर. १९३६ मध्ये, शाळेत असावयाच्या वयात, घर चालवण्यासाठी सिनेमात आली. ‘संत सखू’, ‘रामशास्त्री’, ‘लोकशाहीर रामजोशी’, आणि १९५९ चा ‘सांगत्ये ऐका’, ज्याने पुण्याच्या विजयानंदमध्ये मुक्काम ठोकला तो हलेना. पडद्यावर संत सखू झालेली ही बाई घरी काय सोसत होती ते तिने स्वतःच सांगितले. तिने सांगितलेले अरुण साधूंनी शब्दबद्ध केले, ‘माणूस’मध्ये ते छापून आले आणि १९७० मध्ये ‘सांगत्ये ऐका’ याच नावाने पुस्तक झाले. मराठीत तोपर्यंत आत्मचरित्र म्हणजे थोरांनी लिहावयाचे आणि त्यांच्या पत्नींनी त्यांस पूरक लिहावयाचे, अशी सर्वसाधारण वहिवाट होती. या बाईने दारू, पुरुष, नवरा, पैसा, गमावलेली मुले, घरात कमावती म्हणून आणि तरीही कैदी म्हणून राहणे, हे सर्व सांगून टाकले. क्षमा मागितली नाही, दोष ढकलला नाही. दुसऱ्याच वर्षी, १९७१ मध्ये, ती गेली. वय पन्नाशीच्या आत. १९७७ मध्ये श्याम बेनेगलांनी त्यावर ‘भूमिका’ काढला आणि स्मिता पाटील हिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

ते पुस्तक आम्ही कॉलेजात असताना प्रथम वाचले. वडिलांनी हातात पाहिले आणि म्हणाले, ‘हे घरात नको.’ आम्ही ते मित्राकडे ठेवले आणि तेथे जाऊन वाचले. येथपर्यंत आमची बाजू भक्कम आहे. पुढची हकीकत सांगताना ती तशी राहत नाही.

आमची कन्या आपल्याच मंडळात लहानाची मोठी झाली. गणेशोत्सवातल्या बालनाट्यात उंदीर झाली होती, ती आपल्यापैकी काहींना आठवत असेल. पदवी झाल्यावर तिने मंडी हाऊसजवळच्या नाट्यविद्यालयाचा अर्ज भरला. पहिली चाचणी पार पडली. पुढच्या फेरीचे पत्र आले तेव्हा तिने ते आमच्यासमोर ठेवले. आम्ही चष्मा लावून, एखादे प्रकरण वाचावे तसे वाचले. मग म्हणालो, ‘नाटक करावे, हौस म्हणून करावे. पण आपल्या घरात…’

वाक्य पुरे केले नाही. करण्याची गरज पडली नाही. तिने पत्र उचलले, घडी घातली आणि आत गेली. आमच्या सौभाग्यवती स्वयंपाकघरातून म्हणाल्या, ‘अहो, पुढचं बोला ना. आपल्या घरात काय?’ आम्ही वर्तमानपत्र उघडले. मुलीने व्यवस्थापनाचा अभ्यासक्रम केला, बंगळुरास उत्तम नोकरी आहे, फोन नियमित येतो. ते पत्र पुन्हा कधी निघाले नाही. आजीचे वाक्य आमच्या तोंडी आले होते, एवढेच; शब्द तेवढा बदलला होता. हे व्याख्यान तयार करताना दुर्गाबाईंचे पुस्तक वाचत होतो. सॉलिसिटर लाडांनी, मुलीवर सगळी मुंबई थुंकत असता, पुन्हा तीच वाट चालण्यास संमती दिली, ते पान आले. साल १९३२. आमच्या नकाराचे साल आम्ही येथे सांगत नाही.

असो. विषयांतर झाले.

वनमालाबाईंचा उल्लेख मघा केला. त्या मूळच्या ग्वाल्हेरच्या सरदार घराण्यातल्या, म्हणजे आपणां उत्तरेतल्या मराठी मंडळींच्या शेजघरच्या. पदवीधर. पुण्यास शिक्षिका होत्या, तेथून अत्र्यांनी चित्रपटात आणले. घरच्यांचा रोष त्यांनी दीर्घकाळ सोसला. १९५३ च्या ‘श्यामची आई’मध्ये त्या आई झाल्या, आणि १९५४ मध्ये राष्ट्रीय पुरस्कार सुरू झाले तेव्हा पहिले राष्ट्रपती सुवर्णपदक याच चित्रपटास, याच दिल्लीत मिळाले. साऱ्या महाराष्ट्राने जिला आई म्हणून डोळे पुसले, ती आपल्या वडिलांच्या दारात परकी झालेली मुलगी होती, हे किती जणांस ठाऊक असेल?

दिल्लीचाच विषय निघाला म्हणून सांगतो. १९६९ सालापासून केंद्र सरकार चित्रपटसेवेसाठी दादासाहेब फाळके यांच्या नावाने सर्वोच्च पुरस्कार देते. ज्या गृहस्थाला सारी मुंबई पालथी घालून एक बाई मिळाली नाही, त्याच्या नावाचा पहिला पुरस्कार एका बाईस मिळाला, देविकाराणींना. १९७३ चा मिळाला टेलिफोन एक्स्चेंजमधल्या रूबी मायर्सना, म्हणजे सुलोचनांना. १९८३ चा दुर्गाबाई खोट्यांना. त्या वयातही दुर्गाबाई स्वस्थ बसल्या नव्हत्या. स्वतःची निर्मितीसंस्था चालवत होत्या. दूरदर्शनवर १९८८ मध्ये आलेली ‘वागले की दुनिया’ ही त्याच संस्थेची. आपण सर्व कारकून मंडळींनी त्या वागल्यांत स्वतःस पाहिले, पण ती दुनिया आपल्यापर्यंत आणणारे नाव पडद्यावर कोणाचे होते हे पाहण्याइतका वेळ थांबलो नाही. १९९१ मध्ये त्या गेल्या.

शांता हुबळीकरांचे राहिले. १९३९ च्या ‘माणूस’मधली मैना. तिच्या तोंडचे गाणे अजून आपल्या सहलींच्या बसमध्ये म्हटले जाते, परवाच्या आग्र्याच्या सहलीतही म्हटले गेले. ते गाणे गाणाऱ्या बाईस उतारवयात वृद्धाश्रमाचा आसरा घ्यावा लागला. तेथे ती कोण आहे हे पुष्कळ काळ कोणास ठाऊकही नव्हते. सहलीच्या बसमध्ये हे सांगावे असे वाटले होते, सांगितले नाही. लोक टाळ्या वाजवीत होते.

कार्यवाह घड्याळ दाखवीत आहेत, तेव्हा त्यांनी दिलेल्या दोन सूचना वाचून खाली बसतो. उद्या सायंकाळी सहा वाजता याच सभागृहात ‘कुंकू’ दाखवण्यात येईल. मुलांना पुढे सतरंजीवर बसवावे, ज्येष्ठांसाठी खुर्च्या आहेत. दुसरी सूचना अशी की मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी नाटकात दोन स्त्रीभूमिका अद्याप रिकाम्या आहेत. इच्छुकांनी नावे सांस्कृतिक विभागाकडे द्यावीत.

आमची कन्या आज रात्रीच्या विमानाने येत आहे. हे व्याख्यान तिने ऐकलेले नाही. स्मरणिकेत छापून आल्यावर ती वाचील. उद्या ‘कुंकू’ पाहावयास तिच्याशेजारची खुर्ची आम्ही आमच्यासाठी धरून ठेवली आहे. त्या दोन भूमिकांपैकी एकीविषयी तिला विचारावयाचे, असे सौभाग्यवतींनी ठरवले आहे. विचारणार त्या, आम्ही, या वेळी, वर्तमानपत्र उघडणार नाही.